डोबी गिलिसचा डीव्हीडी सेट: घ्या, पण झेल्डासाठी घ्या

सगळे १४७ भाग बघून झाल्याशिवाय लिहायचं नाही असं ठरवलं होतं म्हणून इतके महिने गेले. वस्तू कुठली ते आधी सांगते. द मेनी लव्ह्ज ऑफ डोबी गिलिस नावाची अमेरिकन मालिका, सीबीएस या तिकडच्या टीव्ही वाहिनीवर १९५९ ते १९६३ अशी चार सीझन चालली, कृष्णधवल, एकेक भाग पंचवीस-सव्वीस मिनिटांचा, तिचा अख्खा डीव्हीडी सेट. मी तो लॉस एंजेलिसमध्ये सेकंडहँड घेतला, चाळीस डॉलरला, आणि साताऱ्याला घेऊन आले. जाताना ज्या बॅगेत डिंकाचे लाडू आणि भाजलेली बाळंतशोप नेली होती त्याच बॅगेतून येताना हा बॉक्स आला. आमचे हे एअरपोर्टवर बॅग उचलताना म्हणाले, लोक चॉकलेटं आणतात, तू विटा काय आणल्यास.

आता मी काही जुन्या अमेरिकन मालिकांची जाणकार वगैरे नाही. साताऱ्याच्या कोर्टात स्टेनो म्हणून २९ वर्षं काढली, लेकीच्या बाळंतपणाला पहिल्यांदा अमेरिका बघितली, बघितली म्हणजे काय तर अपार्टमेंट, दवाखाना आणि भारतीय किराणा दुकान एवढंच. तर झालं असं की बाळ झाल्यावर लेक रजेवर होतीच, ती संपत आली तशी जावईपण रजेवर बसले. मला वाटलं नोकरीवर काही लफडं झालंय, सांगत नाहीत. दोन दिवस मी गप्प. तिसऱ्या दिवशी लेकीला स्वयंपाकघरात गाठून विचारलंच, तर ती हसायलाच लागली, म्हणे आई, इथे बापालाही बाळासाठी आठ आठवडे रजा मिळते आणि पगाराचा बराचसा भाग सरकारकडून खात्यात येतो. मी म्हटलं सरकारकडून? तर म्हणे हो, आमच्याच पगारातून थोडं थोडं कापलेलं असतं त्या फंडातून, आणि हे सगळ्या अमेरिकेत नाही हं, कॅलिफोर्नियात आहे, इथेच सगळ्यात आधी सुरू झालं.

त्यांच्या खालच्या मजल्यावर एक म्हातारी बाई राहते, ऐंशीच्या पुढची, काठी घेऊन रोज फेरी मारणारी. भर बुधवारी सकाळी दहाला जावई बाबागाडी ढकलताना दिसले की ती हात करायची आणि म्हणायची, झेल्डाची सुट्टी एन्जॉय करतोयस ना. मला वाटलं झेल्डा म्हणजे तिची कोणी नात असेल. एकदा विचारलं (माझं इंग्रजी कोर्टातलं, म्हणजे माय लॉर्ड टाइपचं, पण काम भागतं) तर तिने बाकावर बसवून अर्धा तास सांगितलं. झेल्डा म्हणजे त्या मालिकेतली एक पोरगी. ते काम करणारी नटी पुढे हार्वर्डला जाऊन वकील झाली, मग आमदार झाली, आणि ही पगारी रजा तिच्या बिलातून आलीय, २००२ साली. नटीचं नाव शीला जेम्स क्यूल. मालिकेत नुसतं शीला जेम्स एवढंच येतं, त्यामुळे श्रेयनामावलीत क्यूल शोधत बसू नका, मी दोन संध्याकाळी शोधत बसले होते.

आता आपल्याकडे नटनट्या निवडणुकीला उभ्या राहतात याचं कुणाला काही नवल नाही, जयललिता मुख्यमंत्री झाल्या, तिकडे दक्षिणेत तर रांगच आहे. पण आधी नटी, मधे रीतसर वकिली, आणि मग राजकारण, हा मधला टप्पा कुणी घेत नाही हो. सगळे पडद्यावरून थेट स्टेजवर उडी मारतात. मी आयुष्यभर वकील बघितलेत, चांगले, वाईट, तारखा घेणारे, त्यामुळे मला तो मधला टप्पाच बघायचा होता. आणि गंमत अशी की तो या सेटमध्ये दिसतो. शूटिंग झालं तेव्हा ती कॉलेजात होती, वकिलीचा पत्ताही नव्हता, तरी दिसतो.

आधी मालिका काय आहे ते थोडक्यात. डोबी गिलिस हा किराणा दुकानदाराचा मुलगा, कामाचा कंटाळा, खिशात पैसा नाही, दर आठवड्याला एका नव्या सुंदर पोरीच्या प्रेमात. भागाच्या सुरुवातीला तो बागेत रोदँच्या विचारवंताच्या पुतळ्याखाली त्याच पोजमध्ये बसतो आणि थेट आपल्याशी बोलतो. ड्वेन हिकमनने केलाय डोबी, चांगला केलाय. त्याचा दोस्त मेनार्ड, बॉब डेन्व्हर, बारीक दाढीवाला, काम हा शब्द नुसता कानावर पडला तरी किंचाळतो, हे मला दर वेळी हसवतं, आमच्याकडे असे दोन शिपाई होते. बाप हर्बर्ट म्हणजे फ्रँक फेलन, दुकानात एप्रन बांधून उभा, पोराच्या नावाने कायम करवादणारा, तो सगळ्यात भारी, त्याला बघून माझ्या सासऱ्यांची आठवण आली, त्यांचंही दुकान होतं आणि त्यांनाही आमच्या ह्यांच्याबद्दल हीच तक्रार होती. पहिल्या सीझनमध्ये ट्यूस्डे वेल्ड ही थॅलिया झालीय, डोबीला सरळ सांगते की तुझ्याकडे पैसा नाही तर माझं तुझ्याशी जमणार नाही, घरी आजारी बाप आहे, माझ्यावरच सगळ्यांची मदार आहे. वॉरन बेटीपण आहे सुरुवातीच्या काही भागांत, श्रीमंत घरचा पोरगा म्हणून, पुढे केवढा मोठा झाला पण इथे त्याला स्वतःलाच कंटाळा आलेला दिसतो.

आणि मग तिसऱ्या भागात झेल्डा गिलरॉय येते.

बुटकी, हुशार, वर्गात पुढे, गोड गोड बोलणं नाही, मुरकणं नाही. डोबी तिच्याकडे ढुंकून बघत नाही आणि हिने मात्र ठरवून टाकलंय की याच्याशीच लग्न करायचं. का? तर आडनावं गिलिस आणि गिलरॉय, हजेरीपटावर शेजारी शेजारी, म्हणून प्रत्येक वर्गात बाकंपण शेजारी, म्हणजे आपण कायम जवळ बसणार, आणि जवळ असलेल्या माणसांचं एकमेकांवर प्रेम बसतं हे शास्त्र आहे, सबब तुझं माझ्यावर प्रेम आहे, तुला अजून कळलेलं नाही एवढंच. आपण पत्रिका बघतो, हिने हजेरीपट बघितला. आणि हे ती इतक्या शांतपणे, एकावर एक मुद्दा ठेवत सांगते की डोबीला उत्तरच सुचत नाही. मी तो सीन तीनदा बघितला. कारण हा सीन नाहीच, हा युक्तिवाद आहे! आधी मान्य गोष्ट, मग त्यावरून निघणारी दुसरी, मग तिसरी, आणि निष्कर्ष आला की पुढचा हो म्हणायच्या आत खाली बसायचं. चांगले वकील असंच करतात. वाईट वकील निष्कर्ष आधी ओरडून सांगतात.

तिचं एक नाक मुरडणं आहे, ससा कसा नाक हलवतो तसं, आणि ती ते करते तेव्हा डोबीचंही नाक आपोआप मुरडलं जातं आणि मग तो चिडतो, बंद कर म्हणतो. हे जवळपास तिच्या प्रत्येक भागात आहे आणि तरी कंटाळा येत नाही, का येत नाही ते सांगता येणार नाही. माझ्या नातीला (तेव्हा दोन महिन्यांची) मी तसं करून दाखवायचे, ती बघत राहायची. आणि हो, डोबीला ती पूप्सी म्हणते. आमच्या ह्यांना मी एकदा म्हणून बघितलं, त्यांनी पेपर वर धरला.

बोलते मात्र भरभर. माझा लघुलेखनाचा स्पीड सर्व्हिसमध्ये असताना मिनिटाला एकशेवीस शब्दांचा होता, पण झेल्डा घ्यायची वेळ आली असती तर जज साहेबांना मधे थांबवावं लागलं असतं. आणि इतकं भरभर बोलूनही एक शब्द गिळलेला नाही. हे लहानपणापासूनचं शिक्षण असणार, कारण शीला आठ वर्षांची असल्यापासून रेडिओवर काम करायची, मग टीव्हीवर १९५० पासून स्टू अर्विनच्या मालिकेत धाकट्या मुलीचं काम, म्हणजे झेल्डा झाली तेव्हा तिच्या मागे दहा वर्षांचा अनुभव होता. रेडिओवर तयार झालेली माणसं अशीच बोलतात, शब्द तोंडात नाही, ऐकणाऱ्याच्या कानात पडला पाहिजे. झेल्डा मुळात एकाच भागापुरती होती म्हणे, पण ज्यांच्या गोष्टींवरून मालिका निघाली त्या मॅक्स शुलमन यांना ती इतकी आवडली की ठेवून घेतली. सेट बघताना हे पटतं, त्या एका भागात ती बाकी सगळ्यांना खाऊन टाकते.

आता सेटबद्दलच्या तक्रारी, कारण रिव्ह्यू म्हणून लिहितेय तर हे पण लिहायला पाहिजे.

पहिली आणि सगळ्यात मोठी, भारतात घेऊन येणाऱ्यांनी नीट वाचा, सेट रीजन वनचा आहे (डीव्हीडीसाठी जगाचे विभाग पाडलेत, त्यांना रीजन म्हणतात, एका विभागाची डिस्क दुसऱ्या विभागातल्या साध्या प्लेअरवर चालत नाही). अमेरिका रीजन वन, आपण रीजन पाच. साताऱ्यात घरी आल्यावर मोठ्या हौसेने, बहिणीला बोलावून, शेंगा उकडून, डिस्क घातली तर आमच्या जुन्या प्लेअरवर पाटी आली, राँग रीजन, संपलं. बहीण म्हणाली मग शेंगाच खाऊ. दुसऱ्या दिवशी शेजारच्या पोराने बाहेरून लावायचा ड्राइव्ह आणला आणि लॅपटॉपवर लावून दिलं, त्यात पण रीजन बदलायला फक्त पाच वेळा संधी असते, पाचव्यांदा जे ठेवाल ते कायमचं, त्यामुळे पोरांना उगाच चाळा करू देऊ नका. व्हीएलसी नावाचं फुकटचं सॉफ्टवेअर आहे त्यात बऱ्याचदा हे झंझट न करताही चालतं, आमच्या लॅपटॉपवर चाललं. मल्टिझोन, म्हणजे सगळ्या रीजनच्या डिस्क चालवणारा प्लेअर असेल तर प्रश्नच नाही. लॅपटॉपवरून केबलने टीव्हीला जोडलं की झालं.

दुसरी, ज्याच्याकडून मी सेकंडहँड घेतला (नाव लिहीत नाही, एवढ्यासाठी कुणाचं दुकान बसवायचं नाही मला) त्याने लिहिलं होतं एकदम नव्यासारखा, आणि दुसऱ्या सीझनच्या एका डिस्कवर असा ओरखडा की दोन भाग मधेच गोठतात. तक्रार केली, त्याने सहा डॉलर परत दिले, भांडायला मी तिथे किती दिवस राहणार होते. तुम्ही घेतलात तर घरी आल्या आल्या सगळ्या डिस्क उजेडात तिरक्या धरून बघा, कांजीवरम बघतो तशा.

तिसरी, चित्र सगळीकडे सारखं नाही, काही भाग इतके स्वच्छ की बापाच्या एप्रनच्या घड्या दिसतात, काही धुरकट. साठ वर्षांपूर्वीचं आहे, चालायचंच. सबटायटल आम्हाला काही लावता आली नाहीत, त्यामुळे बहिणीसाठी मी शेजारी बसून मराठीत सांगत होते, २९ वर्षं दुसऱ्यांचं बोलणं उतरवून घेतलं ते शेवटी इथे कामी आलं. आणि पाठीमागचं ते रेडीमेड हसणं सगळ्या भागांत आहे, त्याला इलाज नाही.

चौथी तक्रार सेटची नाही, मालिकेचीच. १४७ भाग म्हणजे साठ तासांच्या वर झाले, आणि त्यातले निम्मे तरी एकाच साच्यातले. नवी पोरगी, डोबी खुळा, पैसे नाहीत, बापाचा ओरडा, पोरगी गेली. दुसऱ्या सीझनमध्ये दोघं मित्र सैन्यात भरती होतात तो सगळा तुकडा मी भाजी निवडत बघितला. पुढे कॉलेजात आल्यावर परत जरा गाडी रुळावर येते. पोरी म्हणजे फक्त दिसायला आणि मिळवायला, हे तेव्हा चालत होतं, आज खटकतं, आणि त्या सगळ्यांच्या मधे ही एक झेल्डा अशी उभी आहे की लिहिणाऱ्यांनासुद्धा कळत नव्हतं हिचं काय करावं. विनोद असा की हुशार पोरगी कुणाला नको. पण बघणाऱ्याला तीच हवी असते, मग विनोद नक्की कुणावर झाला?

आता जे मला म्हातारीने बाकावर सांगितलं आणि नंतर मी वाचून घेतलं. ते कळल्यावर तिसरा-चौथा सीझन वेगळाच दिसायला लागतो.

मालिका जोरात होती तेव्हा झेल्डाची स्वतंत्र मालिका काढायचं ठरलं, नमुन्याचा भाग शूटसुद्धा झाला, १९६२ च्या सुमाराला. आणि ते बारगळलं. का, तर सीबीएसचे प्रमुख जेम्स ऑब्री यांना ती जरा पुरुषी वाटली. हे तिला दिग्दर्शकाने सांगितलं असं तिने स्वतःच नंतर कितीदा तरी सांगितलंय. बरं ते नुसतं दिसण्यावरून नव्हतं, निदान तिला पोटात गोळा आला तो त्यासाठी नाही, कारण तिचं खरंच एका मुलीवर प्रेम होतं आणि ते तिने जिवापाड लपवलेलं होतं. त्याच काळात यूसीएलएमध्ये, म्हणजे लॉस एंजेलिसच्या विद्यापीठात शिकत असताना मुलींच्या ज्या क्लबात ती होती (तिकडे सोरोरिटी म्हणतात, सगळ्या एकत्र राहतात, मैत्रिणी कमी आणि नियम जास्त) तिथे त्या मुलीची पत्रं सापडली आणि हिला काढून टाकलं. पुढे १९६४ मध्ये नौदलातल्या बायकांवरच्या एका मालिकेत काम मिळालं, ती एका वर्षात बंद, आणि मग काम जवळजवळ थांबलंच.

म्हणजे पडद्यावर ही पोरगी दर आठवड्याला डोबीच्या मागे हात धुऊन लागलेली, माझ्याशी लग्न कर म्हणून, आणि पडद्यामागे तिला भीती की कुणाला कळलं तर. दोन दोन भूमिका, आणि वय वीस-एकवीस. मी साताऱ्याची बाई आहे, या विषयावर आमच्या घरात कधी कुणी अवाक्षर काढलेलं नाही, बहिणीला सांगावं की नाही यावर मी चार भाग घालवले. शेवटी सांगितलं. ती शेंग सोलता सोलता म्हणाली, म्हणजे ती इतकं चांगलं काम करत होती होय. मला वाटलं होतं ती काहीतरी दुसरंच म्हणेल.

बरं, काम थांबल्यावर रडत बसली नाही. यूसीएलएमध्येच विद्यार्थ्यांच्या उपक्रमांचं काम बघायला लागली, सहयोगी डीनच्या हुद्द्यापर्यंत गेली, आणि ३४ व्या वर्षी हार्वर्डला वकिलीला. १९७८ ला पास. तिथली मूट कोर्टची, म्हणजे लुटुपुटूचा खटला चालवायची स्पर्धा जिंकली, आणि ती जिंकणारी हार्वर्डच्या इतिहासातली ती दुसरीच बाई. अहो, हजेरीपटावरून लग्न सिद्ध करणारी पोरगी ती, मूट कोर्ट तिला काय जड! आमच्याकडेही एक मॅडम चाळिशीत, दोन पोरं मोठी करून एलएलबी झालेल्या, पहिल्या दिवशी बाररूममध्ये त्यांना बसायला खुर्ची कुणी दिली नव्हती आणि पुढे त्यांच्या उलटतपासाला तेच लोक दारात उभे राहून ऐकायचे. उशिरा आलेल्या बायका कोर्टात वेळ फुकट घालवत नाहीत, हे मी बघितलेलं आहे.

वकील झाल्यावर बायकांचे कायदे, घरातली मारहाण, पोरांचा ताबा यात घुसली, लॉ कॉलेजात शिकवलं, कॅलिफोर्निया विमेन्स लॉ सेंटरच्या स्थापनेत होती. बिलांचे मसुदे तयार करून देऊन देऊन बहुधा वैतागली असेल की दुसऱ्यांना लिहून देण्यापेक्षा आपणच मांडावं. १९९४ मध्ये कॅलिफोर्नियाच्या असेंब्लीत निवडून आली, उघडपणे समलैंगिक असलेली तिथली पहिली आमदार, मग पुढच्या टर्मला स्पीकर प्रो टेम, म्हणजे सभापतीच्या खुर्चीवर बसून सभागृह चालवणारी, ते पद मिळालेली पहिली बाई. २००० ते २००८ कॅलिफोर्नियाच्याच सिनेटमध्ये, म्हणजे वरच्या सभागृहात. चौदा वर्षांत तिची १७१ बिलं कायदा झाली. १७१! मालिकेचे भाग १४७ आणि कायदे १७१, मी मुद्दाम परत मोजलं.

त्यातली तीन सांगते, बाकीची तुमची तुम्ही वाचा. एक शाळांमधल्या भेदभावाचं, मुलगा किंवा मुलगी कुणावर प्रेम करते यावरून सरकारी शाळेत त्रास द्यायचा नाही, ते काही वर्षं येऊन पडत होतं आणि १९९९ ला एकदाचं पास झालं. दुसरं त्याच वर्षीचं नर्सचं, दवाखान्यात एका नर्सकडे जास्तीत जास्त किती पेशंट यावर मर्यादा, ती २००४ पासून लागू झाली. हे मी डोळ्यांनी बघितलं, लेकीला कळा सुरू होत्या तेव्हा तिच्या नर्सकडे दुसरी एकच बाई होती, कारण कळा चालू असलेल्या दोनपेक्षा जास्त बायका एका नर्सकडे द्यायच्याच नाहीत असा नियम. मी त्या नर्सला विचारलं तुम्ही सारख्या इथेच कशा, तिला माझा प्रश्नच कळला नाही. आपल्याकडे रात्रपाळीला एक सिस्टर आणि अख्खा वॉर्ड असं चित्र मी माझ्या दोन्ही बाळंतपणांत बघितलंय, सिस्टर बिचारी पळत असायची.

आणि तिसरं ते पगारी रजेचं. २००२ ला पास, २००४ च्या जुलैपासून पैसे मिळायला लागले, तेव्हा सहा आठवडे होते, २०२० पासून आठ. केंद्राचा त्यांचा कायदा १९९३ चा, त्यात बारा आठवडे पण बिनपगारी, म्हणजे नोकरी टिकेल, चूल पेटायचं तुमचं तुम्ही बघा. इथे मला जरा आपला अभिमानही वाटला, आपल्याकडे २०१७ पासून बाईला २६ आठवडे आहेत, पूर्ण पगारी. मी लेकीला ऐकवलं तर ती म्हणाली, आणि बापाला? मी गप्प. आपल्याकडे केंद्र सरकारच्या नोकरदाराला पंधरा दिवस आहेत, खाजगीत कंपनीच्या मर्जीवर. माझ्या वेळी आमचे हे बारशाला अर्ध्या दिवसाची रजा टाकून आले होते आणि पेढे घेऊन परत ऑफिसला गेले.

सगळं जमलं असं मात्र नाही हं. सगळ्यांना सरकारी आरोग्यविमा द्यायचं तिचं बिल २००६ मध्ये दोन्ही सभागृहांत पास झालं आणि गव्हर्नरने सही नाकारली. गव्हर्नर कोण, तर अरनॉल्ड श्वार्झनेगर, ॲक्शन हिरो! एका नटीने बिल लिहिलं, एका नटाने परत पाठवलं. नंतर २००८ ला परत तेच. आणि २०१४ मध्ये ती लॉस एंजेलिस काउंटीच्या बोर्डवर उभी राहिली तेव्हा समोर कोण, तर बॉबी श्रायव्हर, राष्ट्राध्यक्ष केनेडींचा भाचा आणि या श्वार्झनेगरचा मेहुणा. ती निवडणूक हिने जिंकली. ते बोर्ड म्हणजे आपल्या जिल्हा परिषदेसारखं समजा पण सभासद फक्त पाच आणि काउंटीची लोकसंख्या कोटीच्या आसपास, म्हणजे एकेकाच्या वाट्याला वीस लाख माणसं, आमच्या अख्ख्या सातारा जिल्ह्यात २०११ च्या जनगणनेत तीस लाख होती. २०२२ च्या डिसेंबरला निवृत्त झाली, वय ८१. मी ५८ ला दमले होते.

हे सगळं डोक्यात ठेवून चौथ्या सीझनमधली झेल्डा बघा. तीच बाई, तोच मुद्द्यावर मुद्दा ठेवायचा वेग, आणि समोरचा पटून न पटल्यासारखा चेहरा करतोय. श्वार्झनेगरचा चेहरा कसा झाला असेल ते मला डोबीवरून कळलं. १९८८ ला जुन्यांपैकी काही कलाकार पुन्हा एका टीव्ही सिनेमासाठी जमले, त्यात झेल्डा आणि डोबीचं लग्न झालेलं दाखवलंय, म्हणजे केस शेवटी तिच्याच बाजूने लागली, आणि तोपर्यंत नटी स्वतः दहा वर्षांची वकील होती.

तर घ्यायचा का? नवा, पूर्ण किमतीला असेल तर मी नाही म्हणेन, साठ तास डोबीचे आहेत आणि झेल्डाचे त्यातले थोडेच, काही भागांत तर ती दिसतही नाही. सेकंडहँड, ओरखडे तपासून, कुणी येणारं असेल त्याच्या बॅगेतून, जरूर घ्या. सगळं सलग बघू नका. पहिला सीझन सुरुवातीपासून बघा, तिसरा भाग चुकवू नका, सैन्याचा तुकडा ओलांडून जा, आणि पुढे ज्या भागाच्या सुरुवातीला झेल्डा दिसली तेवढेच बघा. पाचपैकी चार स्टार, एक स्टार त्या ओरखड्याचा आणि सैन्याचा मिळून कापला.

कुणाला बघायला हवा असेल तर सातारा गावातल्या गावात देईन, पण पहिली डिस्क सध्या बहिणीकडे आहे. ती परत मागितली की नाक मुरडते.